ना होकार, ना नकार: रखडलेल्या बांधकाम परवान्यासाठी उच्च न्यायालयात कसे जावे

मागच्या पावसाळ्यात सांगली जिल्ह्यातल्या एका लहान शहरातून एक ताई माझ्याकडे आल्या. यजमानांच्या निवृत्तीच्या पैशातून घेतलेला साडेतीन गुंठ्यांचा प्लॉट, मंजूर रेखांकनातला. घराच्या परवानगीसाठी अर्ज देऊन अकरा महिने झाले होते. नगरपरिषदेने परवानगी दिली नव्हती आणि नाकारलीही नव्हती. दर खेपेला एकच उत्तर मिळायचे, "फाईल साहेबांच्या टेबलावर आहे." मी त्यांची प्लॅस्टिकच्या पिशवीतली कागदपत्रे उघडली. अर्जाच्या झेरॉक्सवर आवक विभागाचा निळा गोल शिक्का होता, त्यात पेनने लिहिलेला क्रमांक होता आणि तारखेची जागा कोरी होती.

परवानाधारक अभियंता म्हणून मी वीस वर्षे या खिडक्यांपुढे उभा राहिलो आहे. माझा अनुभव असा, की उच्च न्यायालयातली बाजू वकिलाच्या कार्यालयात नंतर मांडली जाते. तयार होते ती आवक खिडकीवर. म्हणून हा लेख याचिकेपासून नव्हे, त्या कोऱ्या तारखेपासून सुरू करतो. लेख महाराष्ट्रातल्या नगरपरिषदा आणि महापालिकांपुरता आहे. मुंबई महापालिकेत १८८८ च्या कायद्याखालची आयओडी (अटींसह मिळणारी पहिली संमती) आणि मग सीसी (काम सुरू करण्याचा दाखला) अशी वेगळी पद्धत आहे. तिथे दिवसांची मोजणी वकिलाकडून वेगळी समजून घ्या.

न्यायालयाकडून काय मिळते, काय मिळत नाही

गैरसमज इथेच होतो. लोकांना वाटते, कोर्टात गेलो की कोर्ट परवानगी देईल. तसे होत नाही. नकाशा तपासणे हे नियोजन प्राधिकरणाचे काम आहे आणि न्यायालय ते स्वतःकडे घेत नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालच्या रिट याचिकेवर उच्च न्यायालय परमादेश काढते, वकील ज्याला मॅन्डेमस म्हणतात. त्याचा अर्थ एवढाच, की कायद्याने तुमच्यावर टाकलेले काम अमुक मुदतीत करा. निर्णय काय घ्यायचा ते न्यायालय सहसा सांगत नाही, निर्णय घ्या असे सांगते. मनसुखलाल विठ्ठलदास चौहान विरुद्ध गुजरात राज्य (१९९७) हा खटला बांधकामाचा नव्हता, खटला भरण्याच्या मंजुरीचा होता. पण त्यात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले, की अधिकाऱ्याला विशिष्ट निर्णयच घ्यायला लावले तर त्याचा स्वतःचा विवेक संपतो आणि ती मंजुरीच टिकत नाही.

म्हणून आधी मनाची तयारी करा: याचिका जिंकूनही नकार हाती पडू शकतो. तरीही मी लोकांना जा म्हणून सांगतो. नकाराला कारणे लिहावी लागतात आणि लिहिलेल्या कारणांशी लढता येते. टेबलावर पडलेल्या फाईलशी लढता येत नाही.

पहिली पायरी: साठ दिवस नीट मोजा

महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ याचे कलम ४४ अर्जाचे आहे आणि कलम ४५ निर्णयाचे. प्राधिकरण परवानगी देऊ शकते, अटी घालून देऊ शकते किंवा नाकारू शकते. अट घातली किंवा नकार दिला तर कारणे लिहिणे बंधनकारक आहे. कलम ४५(५) प्रमाणे, अर्ज मिळाल्यापासून ६० दिवसांत निर्णय कळवला नाही, तर त्यापुढच्या दिवशी परवानगी मिळाली असे मानले जाते. हीच मानीव परवानगी.

पण त्याच वाक्यात आणखी एक भाग आहे आणि बहुतेक जण तिथेच अडकतात. कार्यालयाने त्रुटी काढली असेल, तर त्रुटीला तुम्ही दिलेले उत्तर मिळाल्यापासून ६० दिवस मोजायचे. यांपैकी जी तारीख नंतरची, ती धरायची. उदाहरण घ्या. अर्ज ३ फेब्रुवारीला दिला, त्रुटीपत्र ५ मार्चला आले, उत्तर २० मार्चला पोहोचले. मार्चचे ११, एप्रिलचे ३० आणि मेचे १९ दिवस मिळून ६० होतात. १९ मेपर्यंत काही कळवले नाही, तर २० मे ही मानीव परवानगीची तारीख. मधे दुसरी त्रुटी आली की मोजणी तिच्या उत्तरापासून होणार, असे कार्यालय म्हणते. एका पत्रात तीनच त्रुटी, महिन्याने दुसऱ्या पत्रात आणखी दोन, असा प्रकार मी कितीदा पाहिला आहे.

यावर उपाय दोन. पहिल्याच उत्तरात शेवटी लिहा: "याव्यतिरिक्त काही त्रुटी असल्यास त्या एकत्रित कळवाव्यात." आणि ६० दिवस उलटून गेल्यावर त्रुटीपत्र आले, तर उत्तर जरूर द्या, पण सुरुवातीलाच "कलम ४५(५) खालील आमचे हक्क राखून हे उत्तर देत आहोत" असे लिहा. मुदत संपल्यावर आलेल्या त्रुटीने घड्याळ मागे फिरत नाही, हा मुद्दा पुढे न्यायालयात मांडता येतो. उत्तरच दिले नाही, तर "अर्जदाराने पूर्तता केली नाही" हे वाक्य तुमच्याविरुद्ध प्रतिज्ञापत्रात येते.

ऑनलाइन अर्जात वेगळाच धोका आहे. त्रुटी आर्किटेक्टच्या लॉगिनवर येते. मालकाला ती महिनोन्महिने दिसत नाही. एका प्रकरणात उत्तर अपलोड झाले होते, पण शेवटचे बटण दाबलेच नव्हते. कार्यालयाच्या दृष्टीने उत्तर आलेच नाही आणि ते चूक म्हणत नव्हते. म्हणून दर आठवड्याला आर्किटेक्टकडून अर्जाच्या स्थितीचा स्क्रीनशॉट मागा. त्यावर तारीख दिसली पाहिजे. छाननी शुल्काचे चलन त्याच फाईलला लावा.

आचारसंहिता लागली, साहेब प्रशिक्षणाला गेले, पद रिक्त आहे ही कारणे तोंडी नेहमी सांगतात. कलम ४५(५) मध्ये यांपैकी एकाही कारणासाठी ६० दिवस थांबवलेले नाहीत.

तारीख नसलेला शिक्का असेल तर काय? त्या ताईंसाठी आम्ही माहिती अधिकारात आवक नोंदवहीच्या त्या पानाची साक्षांकित प्रत मागितली. दहा रुपयांचा अर्ज, एकच विषय, दीडशे शब्दांच्या आत. पान आले. त्यात त्यांचा क्रमांक होता, शेजारी तारीख होती, पुढे "नगररचना विभाग" अशी नोंद आणि कुणाची तरी सही. पुढे याचिकेत सगळ्यात जास्त उपयोग झाला तो याच पानाचा.

मानीव परवानगी मिळाली, आता पाया खणू का?

थांबा. माझा आग्रह आहे, थांबाच.

कलम ४५(५) च्या परंतुकात अट आहे: प्रस्ताव विकास नियंत्रण नियमांशी तंतोतंत जुळला पाहिजे आणि प्रारूप किंवा अंतिम विकास योजनेला कुठेही बाधक नसला पाहिजे. जुळत नसेल, तर मानीव परवानगीवर केलेले काम अनधिकृत ठरते आणि कलम ५२ ते ५७ खालची कारवाई, म्हणजे नोटीस, पाडकाम आणि खटलासुद्धा होऊ शकतो. सामासिक अंतर (हद्दीपासून मोकळी सोडायची जागा) पाव मीटरने कमी पडले, जिन्याची रुंदी कमी भरली, रस्तारुंदीकरणाची रेषा प्लॉटच्या कोपऱ्यातून गेली, एवढेही पुरते. आपल्याकडे कृष्णा-पंचगंगेच्या काठच्या शहरांत निळ्या आणि लाल पूररेषेचाही प्रश्न असतो.

शिवाय कागद हातात नसतो. बँक शिक्क्याचा नकाशा मागते. पुढे जोते तपासणी आणि भोगवटा प्रमाणपत्र याच कार्यालयाकडून घ्यायचे असते. म्हणून मानीव परवानगी खोदकामासाठी वापरू नका, युक्तिवादासाठी वापरा. साठ दिवस उलटले ही गोष्टच न्यायालयात दाखवते, की प्राधिकरणाने कायदेशीर कर्तव्य पाळले नाही.

तुमचा प्लॉट लहान असेल तर आधी एक गोष्ट पाहा. ३ डिसेंबर २०२० पासून राज्याच्या बहुतांश भागात लागू झालेल्या एकत्रित विकास नियंत्रण व प्रोत्साहन नियमावलीत १५० चौरस मीटरपर्यंतच्या आणि त्यापुढे ३०० चौरस मीटरपर्यंतच्या भूखंडांसाठी सोपी, जोखमीवर आधारलेली पद्धत आहे. कदाचित तुम्हाला या लांबच्या वाटेने जावेच लागणार नाही.

दुसरी पायरी: फाईल नेमकी कुठे अडली आहे ते शोधा

"नगरपालिका देत नाही" एवढे पुरेसे नाही. फाईल कनिष्ठ अभियंत्याकडे आहे, नगर रचनाकाराकडे आहे, मुख्याधिकाऱ्यांच्या सहीला आहे, की नगररचनेच्या सहायक संचालकांकडे अभिप्रायाला गेली आहे? अग्निशमन, महामार्ग, रेल्वे, पाटबंधारे यांपैकी कुणाच्या ना हरकत दाखल्याची वाट पाहिली जात आहे? माहिती अधिकारात "अर्ज क्रमांक अमुकवरील आजपर्यंतच्या सर्व टिपण्या आणि पत्रव्यवहाराच्या प्रती" मागा. उत्तराची मुदत ३० दिवस आहे. टिपणी वाचल्यावर कधीकधी कळते, की खरी अडचण कुणी तोंडी सांगितलेलीच नव्हती: सातबाराच्या इतर हक्कांत जुना बोजा, मोजणीच्या क प्रतीतले क्षेत्र आणि नकाशातले क्षेत्र यांत फरक, भावाने दिलेली हरकत. अशी गोष्ट निघाली तर आधी ती मिटवा. ना हरकत दाखला देणारे खातेच गप्प असेल, तर त्या खात्यालाही पुढे प्रतिवादी करावे लागते, नाहीतर नगरपालिका त्यांच्याकडे बोट दाखवते आणि तारीख वाया जाते.

याच काळात दुसऱ्या एखाद्या आर्किटेक्टकडून नकाशा नियमावलीशी ताडून घ्या. स्वतःच्या आर्किटेक्टचा यात अपमान नाही. नियमात न बसणारा नकाशा घेऊन न्यायालयात गेलात, तर नकार लवकर मिळेल, इतकेच.

महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ हाही एक मार्ग आहे. तुमच्या संस्थेच्या अधिसूचित सेवांच्या यादीत बांधकाम परवाना आणि त्याची मुदत पाहा. मुदत उलटली की ३० दिवसांत पहिले अपील, मग दुसरे, त्यानंतर राज्य सेवा हक्क आयोग. कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५००० रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. लहान नगरपरिषदांत पहिल्या अपिलाच्या नोटिशीवरच फाईल हलल्याचे मी पाहिले आहे. फार घाई नसेल तर हे आधी करा.

तिसरी पायरी: मागणीचे पत्र

परमादेश मागण्याआधी तुम्ही ते काम करा म्हणून मागणी केली आणि ती पाळली गेली नाही, हे दिसावे लागते. "वीस वेळा चकरा मारल्या" या वाक्याला पुरावा नसतो. पत्र एका पानाचे, रागाचा शब्द नसलेले असावे. साधारण असे:

"मी दि. … रोजी कलम ४४ अन्वये अर्ज सादर केला (आवक क्र. …). आपल्या दि. … च्या पत्रातील त्रुटींची पूर्तता दि. … रोजी केली आहे. कलम ४५(५) मधील ६० दिवसांची मुदत दि. … रोजी संपली. आजपर्यंत परवानगी किंवा कारणांसह नकार मला कळवलेला नाही. हे पत्र मिळाल्यापासून १५ दिवसांत माझ्या अर्जावर सकारण निर्णय घेऊन तो लेखी कळवावा. तसे न झाल्यास मला मा. उच्च न्यायालयात दाद मागावी लागेल. मानीव परवानगीबाबतचे माझे हक्क राखून हे पत्र देत आहे."

हे पत्र मुख्याधिकारी किंवा आयुक्तांच्या नावे रजिस्टर पोस्टाने पोचपावतीसह पाठवा आणि एक प्रत आवक खिडकीवर देऊन पोहोच घ्या. शिक्का उठला की खिडकी सोडण्याआधी तारीख आणि सही वाचा. विकास शुल्काची मागणी आली असेल आणि रक्कम पटत नसेल, तरी "हरकत राखून" ती भरा. थकीत रकमेचे निमित्त शिल्लक ठेवू नका.

दिवाणी न्यायालय का नाही, अपील का नाही

कलम १४९ मुळे या कायद्याखालच्या आदेशांना दिवाणी दाव्यात आव्हान देता येत नाही, त्यामुळे तालुक्याच्या कोर्टात दावा लावून वेळ घालवू नका. कलम ४७ खाली राज्य शासनाकडे अपील आहे, पण ते आदेशावर: नकारावर किंवा घातलेल्या अटींवर, आदेश कळल्यापासून ४० दिवसांत. इथे आदेशच झालेला नाही, मग अपील कशावर करणार? "पर्यायी उपाय वापरला नाही" असा आक्षेप आला, तर त्याला हेच सरळ उत्तर आहे. याचिकेत ते एका परिच्छेदात आधीच लिहून ठेवा.

चौथी पायरी: रिट याचिका

कुठे दाखल करायची? मुंबई उच्च न्यायालयाची मुख्य बैठक मुंबईत, खंडपीठे नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोव्यात. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाले आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांच्या लोकांना आता एका तारखेसाठी रात्रीची गाडी पकडून मुंबई गाठावी लागत नाही. आमच्या भागासाठी ही फार मोठी गोष्ट आहे.

वकील असा निवडा ज्याने नगररचनेची प्रकरणे चालवली आहेत. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्न कितीही असले तरी विधी सेवा समितीकडून मोफत वकील मागता येतो. संकोच करू नका.

वकिलाकडे जाताना तारखांची यादी स्वतः करून न्या. डावीकडे तारीख, मधे काय घडले, उजवीकडे कागदाचे पान. न्यायमूर्तींपुढे त्या दिवशी ढीगभर प्रकरणे असतात. एका पानात अर्ज, त्रुटी, उत्तर, साठावा दिवस, मागणीचे पत्र आणि त्यानंतरचे मौन दिसले, तर पाच मिनिटांत सगळे कळते. सोबत सातबारा किंवा मिळकत पत्रिका, क प्रत, झोन दाखला, मंजूर रेखांकन, सादर केलेले नकाशे, चलने, पोहोच, स्क्रीनशॉट आणि माहिती अधिकारातली उत्तरे लावा.

प्रतिवादी म्हणून नगरपरिषद (मुख्याधिकाऱ्यांमार्फत) किंवा महापालिका (आयुक्तांमार्फत), नगरविकास विभागामार्फत राज्य शासन आणि फाईल जिथे अडली आहे ते खाते.

विनंतीचा मजकूर काळजीने लिहून घ्या. मुख्य विनंती: "याचिकाकर्त्याच्या अमुक अर्जावर त्यास सुनावणी देऊन सहा आठवड्यांत सकारण निर्णय घ्यावा." पर्यायी विनंती: "कलम ४५(५) प्रमाणे परवानगी मिळाली आहे असे घोषित करावे." पहिली बहुधा लवकर मिळते. दुसरीसाठी प्रस्ताव नियमांत तंतोतंत बसतो हे ठरवावे लागते, आणि नकाशावरच वाद असेल तर रिट न्यायालय त्या तपशिलात जायला सहसा तयार नसते. "परवानगी द्यायला लावा" एवढीच मागणी करून उभे राहिलात, तर हाती पडण्यासारखा आदेशही निसटतो.

काही लपवू नका. आधी केलेले वाढीव काम, कलम ५३ ची नोटीस, वाटणीचा दावा हे सगळे स्वतः सांगा. समोरच्याने ते काढून दाखवले, तर चांगली याचिकासुद्धा तिथेच फेटाळली जाते.

आणि उशीर करू नका. रिटला ठरावीक मुदत नाही, पण कारणाशिवाय दोन-तीन वर्षे बसून राहिलेल्याला न्यायालय विचारतेच. याहून मोठे कारण म्हणजे नियम बदलणे. हावडा महानगरपालिका विरुद्ध गँजेस रोप कंपनी या प्रकरणात उच्च न्यायालयाने अर्जाचा विचार करायला मुदत घालून दिली होती. निर्णय रखडला आणि दरम्यान इमारतीच्या उंचीचे नियम बदलले. सर्वोच्च न्यायालयाने २००३ साली सांगितले, की केवळ अर्ज प्रलंबित होता म्हणून जुन्या नियमांचा हक्क मिळत नाही. मंजुरीच्या दिवशी जो नियम असेल तो लागू. तुमच्या शहराची नवी विकास योजना प्रसिद्ध होणार असल्याची कुणकुण लागली असेल, तर एक महिनाही मोलाचा आहे.

पाचवी पायरी: दाखल केल्यानंतर

याचिकेची प्रत संस्थेच्या वकिलाला आणि सरकारी वकिलाला द्या. वकील प्रिसिपी (लवकर सुनावणीची लेखी विनंती) देऊन लवकर तारीख मागतात; पावसाळ्याआधी पाया घ्यायचा आहे, बँकेच्या कर्ज मंजुरीची मुदत संपते आहे, असे खरे कारण असेल तर ते कागदासह द्या.

पहिल्या तारखेआधीच कार्यालय जागे होण्याची शक्यता बरीच असते. कधी परवानगी येते, कधी घाईने नकार. नकार आला तर ४० दिवसांची गणती त्याच दिवशी सुरू करा आणि कलम ४७ चे अपील की याचिकेत दुरुस्ती, हे वकिलाशी ठरवा. नकारात एक कारण आणि प्रतिज्ञापत्रात नवीनच कारण असा प्रकार झाला, तर मोहिंदरसिंग गिल (१९७८) या निकालाची आठवण वकिलाला करून द्या: आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच उभा राहतो किंवा पडतो, नंतरच्या प्रतिज्ञापत्राने त्याला टेकू देता येत नाही. कारण विकास योजनेत जमिनीवर टाकलेल्या आरक्षणाचे असेल, तर वाट वेगळी. दहा वर्षांत जमीन संपादित झाली नसेल, तर कलम १२७ ची नोटीस द्यायची आणि त्यानंतर २४ महिने थांबायचे.

आदेश बहुधा छोटा असतो: इतक्या आठवड्यांत निर्णय घ्या, अर्जदाराला ऐका, गुणदोषांवर आम्ही मत दिलेले नाही, सर्व मुद्दे खुले. एवढ्यावर नाराज होऊ नका. आदेशाची प्रत निघाली की दोन दिवसांत पत्रासह आवक खिडकीवर द्या, कारण बहुतेक आदेशांत मुदत प्रत मिळाल्यापासून मोजायची असते. सुनावणीला आर्किटेक्टला घेऊन जा, म्हणणे लेखी द्या आणि त्याची पोहोच घ्या.

मुदत उलटली तर एक स्मरणपत्र द्या आणि तरीही काही झाले नाही तर अवमान याचिका करा. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० प्रमाणे ती एका वर्षाच्या आत करावी लागते. त्यात पद पुरत नाही, त्या काळात खुर्चीवर असलेल्या अधिकाऱ्याचे नाव लागते. बदली झाली असेल तर कोण कधी होते ते माहिती अधिकारात आधी मिळवा.

त्या ताईंच्या प्रकरणात न्यायालयाने सहा आठवडे दिले होते. पाचव्या आठवड्यात सुनावणी झाली, एका बाजूचे सामासिक अंतर वाढवून सुधारित नकाशा द्यायला सांगितले. तो दिला आणि प्रारंभ प्रमाणपत्र, म्हणजे बांधकामाची परवानगी, आले. अकरा महिने जी गोष्ट एका वाक्यात सांगता आली असती, ती तोपर्यंत कुणी कागदावर लिहिलीच नव्हती.

प्रमाणपत्र हातात पडल्यावर त्यावरची तारीख वाचा. कलम ४८ प्रमाणे ते एक वर्ष चालते. त्या वर्षात काम सुरू झाले नाही, तर मुदत संपण्याआधी वाढीचा अर्ज करावा लागतो; एकेक वर्ष करत एकूण तीन वर्षांपर्यंतच ती वाढते. तो अर्ज देतानाही शिक्क्यावर तारीख घ्या.